प्रकरण अकरावे : पसंतीचा बर्गर

“बाबा, तुम्हाला वास येतो का हो?”

ठिणगीने भरल्या स्वयंपाकघरात विचारलं. आत्याची काकडी अर्धी चिरायची राहिली. काकांचा चहाचा कप ओठांपाशी जाऊन थबकला. खिडकीजवळच्या खुर्चीत बसून आजोबा बर्गरचे पाव बोटाने दाबून बघत होते, त्यांनी मान वर केली. आणि आईच्या हातून कुकरचं झाकण ओट्यावर असं काही आपटलं की दोन वाट्या जागच्या जागी नाचल्या.

पहिल्यांदा हसले ते काका. “घ्या! माशाला विचारतेय, पोहता येतं का म्हणून!”

“या घराचं नाक आहे ते,” आजोबा म्हणाले. “आधी माझ्या वडिलांचं, मग माझं, आता याचं. तीन पिढ्या गिरणी चालली ती नाकावर. नाक रक्तातून येतं पोरी, बाजारात मिळत नाही.”

बाबा हसले. छान, सावकाश, दाढी खाजवत. “येतो की,” ते म्हणाले. “आत्ताच बघ ना, तुझ्या टिक्क्यांचा काय खमंग वास सुटलाय.”

सगळे पुन्हा हसले आणि जो तो आपापल्या कामाला लागला. ठिणगीने मात्र शेगडीकडे पाहिलं. तवा थंडगार. गॅस पेटलेलाच नव्हता. राजमा चाळणीत निथळत होता, बटाटे अजून सालीतच होते, आणि टिक्क्यांचा तर जन्मही झाला नव्हता.

मग बाबांना वास आला तो कशाचा?

मसाल्याच्या गिरणीला चिकटून असलेल्या या घरात चोवीस तास कसला ना कसला वास असायचाच. उशीला जिऱ्याचा, पडद्यांना मिरीचा. ठिणगीच्या वह्या नाकाशी धरून शाळेतल्या मुली म्हणायच्या, “आज दालचिनी!” त्यामुळे त्या गोंधळात एखादा वास जास्त काय नि कमी काय, कुणाच्या लक्षात येणार? पण ठिणगीच्या आलं.

खरं तर हा प्रश्न तिचा नव्हताच. शाळेतल्या तिच्या बाकावरच्या दोघींनी, लंबूने आणि चष्मिशने, तो तिच्या गळ्यात मारला होता. गुरुवारी ठिणगीने बर्गरची तालीम केली होती. फोनवर लंबूशी बोलता बोलता सहाच्या सहा टिक्क्यांचा कोळसा झाला. धूर एवढा की समोरच्या घरातल्या शिंपीकाकांनी धावत येऊन दार ठोठावलं. आणि भिंतीपलीकडे, दार सताड उघडं टाकून बाबा वर्तमानपत्र वाचत बसले होते. शिंपीकाका खोकायला लागले तेव्हा त्यांनी विचारलं, “काय झालं?” दुसऱ्या दिवशी ठिणगीने हे मधल्या सुट्टीत रंगवून रंगवून सांगितलं, तर चष्मिश एकदम गंभीर झाली. “ए, तुझ्या बाबांना वास येतच नसेल.” ठिणगी म्हणाली, वेडी आहेस का? चष्मिश म्हणाली, विचार मग. लंबू म्हणाली, “ही काय विचारतेय! घरी गेली की मांजर.”

गेल्या सहामाहीपर्यंत ती मांजर होतीही. पण वक्तृत्वस्पर्धेत पाचशे मुलांसमोर उभी राहून आली, तेव्हापासून ठिणगीला कुणी मांजर म्हटलं की अंगाचा तिळपापड व्हायचा. विचारला प्रश्न. सगळ्यांसमोर विचारला. उत्तरही मिळालं, आणि त्या उत्तराने डोक्याचा पार गुंता करून टाकला.

त्यात आज पसंती. म्हणजे घरातला सगळ्यात अवघड दिवस.

पसंतीची पद्धत पणजोबांची. नवा मसाला बाजारात पाठवायचा झाला की दोघांनी दोन मसाले करायचे, दोन्ही एकाच पदार्थात घालून घरच्यांनी खायचे, आणि प्रत्येकाने आपल्या वाट्याचा एकुलता एक मिरीचा दाणा आवडलेल्या ताटलीत टाकायचा. कुठली ताटली कुणाची हे फक्त रांधणाऱ्याला माहीत, म्हणून रांधणाऱ्याला दाणा नाही. सुनेलाही नाही. का नाही, ते आजवर कुणी विचारलं नव्हतं.

हमरस्त्यावर चार दुकानं असलेल्या एका बर्गरवाल्याला राजम्याच्या टिक्कीसाठी खास मसाला हवा होता. उद्या सकाळी नमुना पोचवायचा होता. एक मसाला बाबांचा. दुसरा काकांनी त्यांच्या ओळखीच्या कारखान्यातून, कागदावर ग्रॅम लिहून देऊन, मशीनवर मिसळून आणलेला. काकांचा मसाला जिंकला तर मिसळणीची खोली बंद, तिथे मशीन, आणि बाबा पुढच्या दुकानात गल्ल्यावर. हे गेल्या रविवारी भांडून ठरलं होतं आणि आजोबांनी मान डोलावली होती.

“मशीनला सर्दी होत नाही, नाना,” काका तेव्हा आजोबांना म्हणाले होते. “मशीन रुसत नाही, आजारी पडत नाही. याच्या नाकाला उद्या काही झालं तर?”

बाबा नुसते दाढी खाजवत राहिले होते. आईने मात्र भाजीची जुडी अशी काही तोडली होती की बस्स.

“चला,” आजोबांनी आता हातातला पाव खाली ठेवला. “अकरा वाजले. जा रे मिसळायला. एकट्याने जायचं. बाकीच्यांनी बाहेर बसा. तू रांध गं ठिणगे, तुझ्या बर्गरशिवाय आज गत्यंतर नाही.”

बाबा अंगणापलीकडच्या गिरणीत गेले. आई नेहमी त्यांच्याबरोबर असायची, चाळणी धरायला, चमचे पुसायला. आज ती ओट्याशीच थांबली आणि शांतपणे बटाटे सोलायला लागली. काका आणि आत्या दिवाणखान्यात गेले. मग आजोबाही गेले, काठी टेकत, जाताना बजावून, “कांदा बारीक चिर, नाहीतर टिक्की फुटते.”

दहा मिनिटांत आईला आठवलं की बाबा भांडं न घेताच गेलेत. “हे देऊन ये पटकन. आणि लुडबुडू नकोस तिथे.”

लुडबुडू नको म्हटलं की ठिणगीचे पाय आपोआप जड व्हायचे. मिसळणीच्या खोलीच्या दाराशी ती थांबली. आत, भिंतीवरच्या तीन फळ्यांवर बावीस डबे. एकसारखे, एका उंचीचे, पत्र्याचे. एकावरही नाव नाही. या घरात डब्यांवर नावं लिहीत नसत. पणजोबा म्हणायचे म्हणे, ज्याला वाचून कळतं त्याने मसाला मिसळू नये, दुकानात बसावं. सगळ्या डब्यांत भाजून दळलेल्या पुडी, आणि थोड्याफार फरकाने सगळ्या तपकिरी. उघडायचा, नाक लावायचं, कळलं. एवढं सोपं. ठिणगीला वयाच्या सहाव्या वर्षी यायचं ते.

बाबांनी एक डबा उघडला. पण नाक लावलं नाही. झाकण उलटं केलं आणि त्याच्या आतल्या बाजूला पाहिलं. ठेवलं. दुसरा डबा. झाकण उलटं. तिसरा. मग त्यांनी खिडकीशी जाऊन ते झाकण उजेडात धरलं, अंगठ्याने घासून पाहिलं, आणि फळीपुढे उभे राहिले ते असे, जणू परीक्षेत न शिकवलेल्या धड्यावरचा प्रश्न आलाय.

“बाबा, भांडं.”

ते दचकले. मग एकदम हसले. “ये, ये. अगं ठिणगे, तुझं नाक बघू किती तयार झालंय. सांग, यात काय?”

ठिणगीची कळी खुलली. “जिरं!”

“शाब्बास. आणि यात?”

“सुंठ. हे काय विचारता!”

“यात?”

“लवंग! बाबा, शिंक येईल, लांब धरा. आणि ती मिरी. आणि हे... थांबा... बडीशेप. बरोबर ना?”

“एकदम बरोबर,” बाबा म्हणाले आणि प्रत्येक उत्तरासरशी तो तो डबा बाजूच्या मेजावर ठेवू लागले. कपाळावर घाम होता. ठिणगीला वाटलं, कौतुकाने माणसाला घामही येत असावा. सहावा डबा त्यांनी पुढे केला तोच अंगणातून आजोबांची काठी वाजली.

“कोण आहे आत? पोरीला बाहेर काढ! पसंतीच्या दिवशी दुसरं नाक चालत नाही!”

ठिणगी पळाली. पळता पळता मागे वळून तिने पाहिलं. बाबा उरलेल्या डब्यांवरून नुसती नजर फिरवत होते, आणि मग डोळे मिटून त्यांनी त्यातला एक उचलला.

स्वयंपाकघरात राजमा कुस्करताना तिच्या डोक्यात तेच घोळत होतं. नुसतं कौतुक असतं तर डबे बाजूला का काढले? वास येत असेल तर झाकणात काय बघायचं? आणि येत नसेल, तर आजवर ज्या मसाल्यांची एवढी वाहवा झाली, ते काय आपोआप मिसळले गेले? एक सुटेना तोच दुसरी गाठ बसत होती.

काकांचा मसाला काचेच्या बरणीत आला होता. ठिणगीने झाकण काढून हुंगला. वाईट नव्हता. धणे, जिरं, मिरी, थोडं आलं, सगळं जागच्या जागी, वर्गात हाताची घडी घालून बसल्यासारखं. मग बाबांचं भांडं आलं. आत्याने आणून दिलं आणि ती परत गेली.

ठिणगीने वास घेतला. परत घेतला. “आई,” ती हळूच म्हणाली, “यात धणे नाहीत.”

आईने भांडं घ्यायला हात पुढे केला. भांडं अजून हातभर लांब होतं तेव्हाच तिचा चेहरा उतरला. “मेथी,” ती म्हणाली. “धण्यांच्या जागी ओंजळभर मेथी. कडूजहर होईल हे. पण असं कसं होईल? ठिपके तर...” आणि तिने जीभ चावली.

“कुठले ठिपके?”

“काही नाही.”

“ते झाकणाच्या आतले? गुलाबी? ते तर मी काल काढले.”

आईच्या हातातला बटाटा टोपलीत पडला. “काय केलंस?”

“पसंती आहे म्हणून खोली आवरली ना मी! तू पाव आणायला गेली होतीस तेव्हा. सगळे डबे खाली काढले, फळ्या पुसल्या, झाकणं सोडा घालून घासली. किती चिकट होते ते ठिपके, तारेची घासणी लागली. मला वाटलं कुणाचं नेलपॉलिश सांडलंय.” बोलता बोलता ठिणगीचा आवाज बारीक होत गेला. “आई, तू तर नेलपॉलिश लावत नाहीस.”

“आणि डबे? परत त्याच जागी ठेवलेस?”

“कशाला? कुठेही ठेवले. आपल्याकडे काय, उघडलं की कळतंच.”

आई मटकन स्टुलावर बसली. बाहेर काका कसल्याशा गोष्टीवर मोठ्याने हसले. आईने हाताला चिकटलेली बटाट्याची साल काढली. मग म्हणाली, “दोन वर्षांपूर्वी तुझे बाबा तापाने पडले होते, आठवतंय? ताप उतरला. वास परत आला नाही. आज येईल, उद्या येईल म्हणत राहिलो. एक ठिपका म्हणजे धणे, दोन म्हणजे जिरं, तीन म्हणजे मेथी. मीच लावले. कुणी अचानक आलं, नाना समोर उभे राहिले, तर निभावून जायला.”

“मग दोन वर्षं मसाला कोण मिसळतंय?”

आई उठली आणि पिठाच्या डब्यामागून एक कागदाची पुडी काढून तिने ठिणगीच्या हातावर ठेवली. “परवा करून पाहिला होता. याच बर्गरसाठी. हा घाल.”

“पण हा बाबांचा नाही.”

“बाबांचाच समज.”

“आई, ही लबाडी झाली.”

“मला ठाऊक आहे काय झालं ते,” आई म्हणाली. तिचा आवाज खरखरीत झाला होता. “तो मेथीचा मसाला खाऊन सगळे थुंकतील. तुझे आजोबा विचारतील, काय रे, धणे नि मेथी कळत नाही? मग काय सांगायचं त्यांनी? तू सांग. प्रश्न फार छान विचारतेस तू.”

ठिणगीने पुडी उघडली. आणि एकदम सगळं विसरली. धणे होते, पण जरा जास्त भाजलेले, कडेला पोचून मागे फिरलेले. जिरं मागून हळूच यायचं. दालचिनीचा एक चिमूटभर गोडवा, आणि अगदी शेवटी सुंठ, कुणीतरी पाठीवर थाप मारावी तशी. एवढ्याशा पुडीत एवढी माणसं! तिने मेथीचं भांडं ओट्याखाली सरकवलं आणि पुडी परातीत उलटी केली.

बर्गर मात्र तिने जीव ओतून केले. राजमा फार बारीक करायचा नाही, दाताखाली यायला हवा. कांदा आधी परतून कोरडा. बटाटा फक्त धरून ठेवण्यापुरता. पावाचा चुरा, मीठ, मसाला, आणि मग हाताला तेल लावून टिक्क्या, मधे किंचित खोलगट, म्हणजे फुगून चेंडू होत नाही. दोन वेगळे तवे. पाव लोण्यावर भाजले. दह्यात लसूण आणि मिरपूड फेटून वर एक चमचा, आत्याची काकडी, टोमॅटोची चकती. काकांचे पांढऱ्या ताटलीत, दुसरे निळ्या ताटलीत. बर्गरचे चार चार तुकडे केले आणि ताटल्या टेबलाच्या मधोमध नेऊन ठेवल्या.

चारही जण बसले. आजोबा, काका, बाबा, आत्या. प्रत्येकापुढे एकेक मिरीचा दाणा. आई दाराच्या चौकटीला टेकून उभी.

“अगं, पांढऱ्यातला बरा आहे,” आत्या तोंडात घास घोळवत म्हणाली. “बरा म्हणजे... पाहुणा कसा, नीटनेटका बसतो आणि निघून जातो.”

“तू शिवणकामवाली, तुला सगळ्यात नीटनेटकी शिलाईच दिसते,” काका म्हणाले.

“तुला तरी काय दिसतं दादा, तू तर दोन घासांत संपवलास!”

मग निळ्या ताटलीतले तुकडे उचलले गेले. ठिणगी श्वास रोखून बघत होती. आत्या बोलायची थांबली. ती आत्या! काकांनी दुसरा घास घेतला, मग डोळे बारीक करून तिसरा. आजोबांनी तर चावणंच थांबवलं, आणि कवळी सांभाळत, खिडकीबाहेर बघत राहिले.

“धणे,” ते म्हणाले. “एवढे पुढे नेऊन भाजायची हिंमत माझ्या वडिलांनीसुद्धा केली नसती.” आणि पहिला दाणा निळ्या ताटलीत टाकला.

टक्. आत्याचाही तिथेच.

काका बराच वेळ दाणा बोटांत फिरवत बसले. “माझा कुठला ते मला माहीत नाही,” ते म्हणाले, “आणि कळूही नये. पण हा नाकारला तर घास घशाखाली उतरायचा नाही.” टक्.

ठिणगीला वाटलं आता बाबांचा चेहरा फुलेल. आणि फुललाच. पण कसा? वर्षानुवर्षं डोक्यावर वाहिलेलं ओझं कुणीतरी उतरवून घ्यावं तसा. बाबांनी खुशीत, जवळजवळ नाचवत, आपलाही दाणा निळ्यात टाकला आणि काकांच्या पाठीवर थाप मारली. “जिंकलास दादा! उद्याच बोलाव मशीनवाल्याला.”

“थांब की,” काका म्हणाले. “ठिणगे, सांग. निळी कुणाची?”

“निळी... बाबांची.”

आत्याने टाळ्या वाजवल्या. काकांनी खाली बघून मोठा श्वास सोडला आणि मग उठून बाबांना मिठीच मारली. “हरलो बाबा! राहिली मशीन. तुझ्या नाकावर शंका घेतली, चुकलो मी.” आजोबांच्या डोळ्यांत पाणी होतं. “आता ऐका,” ते म्हणाले, “उद्यापासून शाळा सुटली की पोरीने बापाच्या हाताखाली शिकायचं. बावीस डबे. चौथं नाक आहे ते, रक्तातलं. वाया घालवायचं नाही.”

आणि बाबा? काकांच्या खांद्यावरून ते निळ्या ताटलीकडे बघत होते. चेहरा पांढराफटक. जिंकल्यावर कुणाचा चेहरा असा होतो का? ठिणगीने आईकडे पाहिलं, तर चौकट रिकामी होती.

थोड्या वेळाने दोघं तिला मिसळणीच्या खोलीत सापडली. आई एकेक डबा उघडून, हुंगून, जागेवर लावत होती. बाबा उलट्या पाटीवर बसले होते.

“काय घातलंस त्यात?” बाबांनी विचारलं.

“आईची पुडी. तुमच्यात मेथी होती.”

“असणारच. झाकणांवरच्या खुणा गेलेल्या, तुला नानांनी हाकललं, मग मी अंदाजाने घेतलं.” बाबा हसले, पण त्यात हसू नव्हतं. “कडू होईल, दादा जिंकेल, मशीन येईल, मी गल्ल्यावर बसेन. कुणाला काही सांगावं लागणार नाही, असं तेव्हाच सुटसुटीत ठरवलं मी. सगळ्यांचे दाणे निळीत पडले, म्हणून मला वाटलं, निळी दादाची. मी खुशाल त्यात दाणा टाकला!”

“म्हणजे तुम्हाला हरायचं होतं?” ठिणगीला वाटलं, आता डोक्याचं भुस्काट व्हायचं तेवढं बाकी आहे. “आणि आई तुम्हाला जिंकवायला धडपडतेय!”

“हिच्यासाठीच तर,” बाबा म्हणाले. “दोन वर्षं पहाटे उठून माझं काम ही करते. चोरासारखं. म्हटलं, सुटेल बिचारी.”

आईने हातातला डबा ठेवला. “आणि मी कुठे बसले असते?” तिने विचारलं. “तुम्ही गल्ल्यावर. मशीन इथे. मी कुठे?”

“अगं, तुझा त्रास वाचला असता...”

“त्रास कोण म्हणालं? मी म्हणाले कधी? अहो, आज पसंती म्हणून आले नाही, पण रोज सकाळी सहाला मी हे दार उघडते ना, दिवसातला तेवढा एकच तास माझा असतो. बाकी सगळा दिवस या घराचा. ते धणे कुठवर भाजायचे ते शोधायला मला चार महिने लागले. आज नाना म्हणाले, वडिलांनीसुद्धा हिंमत केली नसती. कुणाकडे बघून म्हणाले? तुमच्याकडे.”

बाबा पाटीवरून उठले. दोन वर्षं एकाच खोलीत उभं राहून, एकाच चाळणीची दोन टोकं धरून, ह्यांना एकमेकांचं एवढंही कळलं नव्हतं? ठिणगीला कळेना रडावं की दोघांनाही गदागदा हलवावं.

“मग आजोबांना सांगा ना.”

“काय सांगू?” बाबा म्हणाले. “तीन पिढ्यांचं नाक गेलं म्हणून? आणि सुनेच्या नाकावर गिरणी चाललीय म्हणून? त्यांच्या लेखी नाक रक्तातून येतं.”

“बरोबरच आहे त्यांचं! माझ्या रक्तात आईचं अर्धं नाही का? की तेवढं मोजायचं नाही?”

“हळू बोल,” आई म्हणाली. “बाहेर ऐकू जाईल.”

“जाऊ दे.”

“ठिणगे, हे मोठ्यांचं आहे. दादाने एवढी मिठी मारली, आता पुन्हा त्याला काय तोंड दाखवायचं? जरा दिवस जाऊ देत. तू ये उद्यापासून, आम्ही दोघं शिकवू तुला. बाबा समोर बसतील, मी मागून सांगेन.”

“मागून?” ठिणगीने विचारलं. मिठी मारताना काकांचा झालेला चेहरा तिच्या डोळ्यांपुढून हलत नव्हता. शाळेत पाचशे मुलांसमोर उभी राहिली होती तशीच ती आत्ता दोघांसमोर ताठ उभी राहिली.

“मी ठरवलंय,” ती म्हणाली. “मी शिकणार. पण आईच्या हाताखाली, आणि हे दार उघडं ठेवून. बाबा, आजोबांना आणि काकांना तुम्ही सांगायचं, मी तुमच्या शेजारी उभी राहीन. झाकणं मी घासली हेही सांगेन, बोलणी खाईन. पण तुम्ही सांगितलं नाहीत, तर मी जाऊन सांगते की मलाही वास येत नाही. कसलाच नाही. मग शोधा म्हणावं चौथं नाक.”